रॅगिंग आणि जातीय छळ: शाळा-कॉलेजातली हिंसा ओळखायची कशी, थांबवायची कशी?

बारावीचा निकाल लागतो, नीट-सीईटीच्या प्रवेशफेऱ्या संपतात आणि आपल्या वस्त्यांतली कितीतरी मुलंमुली बॅगा भरून पुणे, मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगरकडे निघतात. विहारात सत्कार होतो. पुष्पगुच्छ, बाबासाहेबांची प्रतिमा आणि चार भाषणं होतात. "खूप शिक, समाजाचं नाव काढ," असं प्रत्येक जण सांगतो. पण तिथे कुणी त्रास दिला तर पहिल्या दिवशी काय करायचं, कुणाकडे जायचं, कागदावर काय लिहायचं, हे मात्र कुणी सांगत नाही. हा लेख त्यासाठीच आहे.

आमचं म्हणणं थोडक्यात असं: कॅम्पसवरची हिंसा अचानक होत नाही, ती पायरीपायरीने वाढते. पहिल्या पायरीवर तिची लेखी नोंद झाली आणि चार जण सोबत उभे राहिले, तर बहुतेक वेळा ती पुढे जाऊ शकत नाही. कायदा आपल्या बाजूने बराच आहे. कमी पडते ती नोंद आणि सोबत.

हिंसा म्हणजे फक्त मारहाण नव्हे

हिंसा म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर फुटलेलं डोकं येतं. पण हॉस्टेलमध्ये नव्या मुलाला रात्री दोन वाजता उठवून गाणं म्हणायला लावणं, सीनियरच्या जर्नल त्याच्याकडून लिहून घेणं, मेसमध्ये त्याच्या टेबलावरून सगळ्यांनी उठून जाणं, वर्गाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर 'कोट्यातले डॉक्टर' म्हणून मीम टाकणं हीसुद्धा हिंसाच आहे. हे आमचं मत नाही, कायद्याची व्याख्याच तशी आहे. महाराष्ट्राच्या १९९९ च्या रॅगिंग प्रतिबंध कायद्यानुसार विद्यार्थ्याला शारीरिक किंवा मानसिक इजा करणारं, त्याच्या मनात भीती, लाज किंवा संकोच निर्माण करणारं वर्तन म्हणजे रॅगिंग. चिडवणं, शिवीगाळ, धमकी, अंगावर येणारी 'गंमत' आणि जे काम तो एरवी राजीखुशीने करणार नाही ते करायला लावणं, हे सगळं त्यात येतं.

विद्यापीठ अनुदान आयोगाने, म्हणजे यूजीसीने, २००९ साली देशभरासाठी रॅगिंगविरोधी नियम केले. २०१६ साली त्यांत महत्त्वाची दुरुस्ती झाली. जात, धर्म, वर्ण, लिंग, भाषा, प्रदेश, दिसणं, आर्थिक परिस्थिती यांवरून एखाद्या विद्यार्थ्याचा केलेला शारीरिक वा मानसिक छळ, त्याला धाकात ठेवणं आणि वगळणं हेही रॅगिंगच ठरलं. हा विद्यार्थी पहिल्या वर्षाचाच असला पाहिजे अशीही अट नाही. म्हणजे तिसऱ्या वर्षाच्या किंवा पीएचडीच्या विद्यार्थिनीला जातीवरून वाळीत टाकलं, तर तीही रॅगिंगची तक्रार करू शकते. आपल्या बहुतेक कार्यकर्त्यांना ही दुरुस्ती माहीत नाही. ती पाठ करून ठेवावी अशी आहे.

ती वाढते कशी?

सुरुवात बहुतेक वेळा एका साध्या प्रश्नाने होते. "रँक किती?" किंवा "पूर्ण नाव काय?" उत्तर मिळालं की माणसाची जागा ठरते. मग टोपणनाव पडतं. मग प्रॅक्टिकलच्या गटात कुणी घेत नाही. मग कामं लादली जातात. नकार दिला की धमकी येते आणि शेवटी हात उचलला जातो. हात उचलला जातो तेव्हा सगळे दचकतात. पण त्याआधीच्या पाचही पायऱ्या सगळ्यांनी पाहिलेल्या असतात.

मग कुणी बोलत का नाही? कारणं साधी आहेत. अंतर्गत गुण प्राध्यापकांच्या हातात असतात. पीएचडीचा मार्गदर्शक किंवा वॉर्डातला सीनियर दुखावला तर वर्षं वाया जातील ही भीती असते. घरी आईबाप उसनवारी करून फी भरतात, त्यांना काय सांगायचं असं वाटतं. बघणाऱ्याला वाटतं, आपण मधे पडलो तर उद्या आपला नंबर लागेल. आणि ज्याला त्रास होतो त्याला हळूहळू वाटायला लागतं की आपल्यातच काहीतरी कमी आहे. छळाचा सर्वात मोठा परिणाम हाच. माणूस स्वतःलाच दोष देऊ लागतो.

दिल्लीच्या एम्समधल्या भेदभावाच्या तक्रारींची चौकशी प्रा. सुखदेव थोरात यांच्या समितीने केली. २००७ च्या तिच्या अहवालात हेच चित्र आहे. अनुसूचित जाती-जमातीच्या विद्यार्थ्यांना हॉस्टेलमध्ये वेगळं पाडलं जात होतं, खेळ आणि सांस्कृतिक कार्यक्रमांतून दूर ठेवलं जात होतं, शिक्षकांचं वागणं आणि मूल्यमापन यांतही भेद जाणवत होता. देशातल्या सर्वात नावाजलेल्या वैद्यकीय संस्थेतली ही गोष्ट आहे. हुशार मुलांच्या कॉलेजात असं होत नाही, या समजुतीला अर्थ नाही.

१७ जानेवारी २०१६ रोजी हैदराबाद केंद्रीय विद्यापीठात रोहित वेमुला गेला. मारहाणीच्या आरोपावरून हॉस्टेलबाहेर काढलेल्या पाच दलित संशोधकांपैकी तो एक होता. तो आरोप त्यांनी फेटाळला होता. २२ मे २०१९ रोजी मुंबईच्या नायर रुग्णालयाशी संलग्न कॉलेजात स्त्रीरोगशास्त्राचं पदव्युत्तर शिक्षण घेणारी, जळगाव जिल्ह्यातली आदिवासी डॉक्टर पायल तडवी गेली. या प्रकरणात तीन वरिष्ठ महिला डॉक्टरांवर गुन्हा दाखल झाला. आपण तक्रार केली होती, पण ती कुणी मनावर घेतली नाही, असं तिच्या कुटुंबाचं म्हणणं आहे. त्याच वर्षी राधिका वेमुला आणि आबेदा तडवी या दोन आया मिळून सर्वोच्च न्यायालयात गेल्या. कॅम्पसवरचा जातीय भेद रोखण्यासाठीचे नियम कागदावरच राहिले आहेत, ते अमलात आणा, ही त्यांची मागणी. आपली लेकरं गेल्यावर दुसऱ्यांच्या लेकरांसाठी उभ्या राहिलेल्या या दोघींचं ऋण समाजाने विसरू नये.

अहिंसकाची गोष्ट

अंगुलिमालाची कथा आपण विहारात अनेकदा ऐकतो, पण बहुतेक वेळा जंगलापासून. अट्ठकथेत ती शाळेपासून सुरू होते. या मुलाचं मूळ नाव अहिंसक. कोसल राजाच्या पुरोहिताचा हा मुलगा तक्षशिलेला शिकायला गेला. तो सर्वांत हुशार आणि आज्ञाधारक होता. सोबतच्या विद्यार्थ्यांना ते सहन झालं नाही. त्यांनी कट करून गुरूच्या मनात त्याच्याविषयी घाणेरडा संशय भरला. गुरूने शहानिशा केली नाही, त्याला विचारलंही नाही. उलट त्याचा घात व्हावा म्हणून हजार बोटांची गुरुदक्षिणा मागितली. अशा रीतीने अहिंसकाचा अंगुलिमाल झाला.

म्हणजे सहाध्यायांचा मत्सर, पसरवलेली बदनामी, चौकशी न करणारा शिक्षक आणि ज्याला कुठेच दाद मिळाली नाही असा विद्यार्थी. आजच्या कुठल्याही कॅम्पसवर हे चारही घटक सापडतील. अंगुलिमालाने जे केलं त्याचं समर्थन नाही. पण छळ झालेला मुलगा एक तर आतून मोडतो, नाही तर दुसऱ्यांना मोडायला निघतो, हे ही कथा सांगते. आणि तथागत त्याच्यासमोर उभे राहिले तेव्हा ते शस्त्र घेऊन गेले नव्हते, तसेच घाबरून मागेही हटले नाहीत.

दीघनिकायातल्या सिगालोवाद सुत्तात शिक्षकाची पाच कर्तव्यं सांगितली आहेत. नीट शिकवणं त्यात आहेच. पण शेवटचं कर्तव्य आहे ते विद्यार्थ्याला सर्व दिशांनी सुरक्षित ठेवण्याचं. "आम्ही शिकवायला आहोत, हॉस्टेलमध्ये काय चालतं ते आम्हाला काय ठाऊक," असं म्हणणाऱ्या प्राध्यापकांना हे सांगायला हवं.

कायद्याने काय दिलं आहे?

*१९९९ चा महाराष्ट्राचा कायदा.* रॅगिंग करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दहा हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. दोषी ठरलेल्याला कॉलेजातून काढलं जातं आणि पाच वर्षं दुसरीकडे प्रवेश मिळत नाही. हा कायदा हॉस्टेलला आणि खासगी क्लासेसनाही लागू आहे. विद्यार्थी, पालक किंवा शिक्षक यांपैकी कुणीही लेखी तक्रार करू शकतो. तक्रार मिळाल्यापासून सात दिवसांत संस्थाप्रमुखाने चौकशी करायची, सकृद्दर्शनी तथ्य आढळलं तर आरोपी विद्यार्थ्याला निलंबित करायचं आणि तक्रार पोलिसांकडे पाठवायची. प्राचार्यांनी टाळाटाळ केली तर त्यांनी रॅगिंगला साहाय्य केलं असं मानून त्यांनाही तीच शिक्षा होऊ शकते. तक्रार अर्जात या कलमाचा, म्हणजे कलम ७ चा, उल्लेख जरूर करावा.

*यूजीसीचे २००९ चे नियम.* प्रत्येक कॉलेजात रॅगिंगविरोधी समिती आणि अचानक तपासणी करणारं पथक असलंच पाहिजे. समितीत पोलीस-प्रशासन, पत्रकार, युवकांत काम करणाऱ्या संस्था, पालक, नवे आणि जुने विद्यार्थी यांचे प्रतिनिधी घ्यायचे असतात. सहा नव्या विद्यार्थ्यांमागे एक ज्येष्ठ विद्यार्थी मार्गदर्शक नेमायचा असतो. आपल्या संघटनांनी या समितीत जागा मागितली पाहिजे. राष्ट्रीय हेल्पलाइन १८००-१८०-५५२२ चोवीस तास सुरू असते.

*यूजीसीचे २०१२ चे समता नियम.* यांनुसार कॉलेजात समान संधी कक्ष आणि भेदभावविरोधी अधिकारी असायला हवा. रोहित-पायलच्या मातांच्या याचिकेमुळे या नियमांच्या जागी नवे नियम आणण्याची प्रक्रिया सुरू झाली आणि त्यावर मोठा वादही झाला. म्हणून आपल्या कॉलेजात हा कक्ष आहे का, अधिकारी कोण, सध्या कोणते नियम पाळले जातात, हे लेखी विचारून घ्यावं. उत्तर मिळालं नाही तर माहिती अधिकारात विचारावं.

*लैंगिक छळ.* २०१३ च्या कायद्याने आणि यूजीसीच्या २०१५ च्या नियमांनी कॉलेजात अंतर्गत तक्रार समिती सक्तीची केली आहे. विद्यार्थिनी तिथे थेट जाऊ शकते.

बौद्ध असलो तर ॲट्रॉसिटी लागू होते का?

हा प्रश्न आम्हाला वारंवार विचारला जातो आणि काही वेळा पोलीस ठाण्यातही मुद्दाम उकरून काढला जातो. उत्तर आहे: हो. १९५० च्या अनुसूचित जाती आदेशात १९९० साली दुरुस्ती झाली आणि बौद्ध धम्म स्वीकारलेल्या अनुसूचित जातीच्या लोकांना त्यात स्थान मिळालं. मात्र जात प्रमाणपत्र जवळ हवं. प्रवेशाच्या वेळी काढलेल्या प्रमाणपत्राची एक छायाप्रत घरी आणि एक मोबाइलमध्ये ठेवावी.

या कायद्याखाली गुन्हा नोंदवण्याआधी प्राथमिक चौकशी करण्याची गरज नाही, हे २०१८ च्या दुरुस्तीने स्पष्ट केलं आहे. तपास पोलीस उपअधीक्षक किंवा त्यावरच्या दर्जाच्या अधिकाऱ्याने करायचा असतो. कर्तव्यात जाणूनबुजून कसूर करणाऱ्या लोकसेवकावरही कारवाईची तरतूद आहे.

एक बारकावा मात्र ध्यानात ठेवावा. जातिवाचक अपमान किंवा शिवीगाळ यांच्या कलमांसाठी घटना लोकांच्या नजरेसमोर घडलेली असावी लागते आणि अपमान जातीमुळे झाला हे दिसावं लागतं. बंद खोलीत साक्षीदाराविना झालेल्या अपमानात ही कलमं न्यायालयात टिकणं अवघड जातं. म्हणून तक्रारीत तिथे कोण कोण हजर होतं आणि नेमके कोणते शब्द वापरले गेले ते लिहावं. शब्द घाणेरडे आहेत म्हणून "अर्वाच्य बोलला" असं मोघम लिहू नये. आणि या कलमांत अडचण आली तरी रॅगिंगचा कायदा लागू असतोच. दोन्हींचा उल्लेख करावा.

तक्रार कशी करावी?

१. पहिल्या दिवसापासून एका वहीत नोंद ठेवा: तारीख, वेळ, जागा, कोण, काय म्हणालं, कुणी पाहिलं.

२. मेसेज, फोटो, ऑडिओ काढून टाकू नका. स्क्रीनशॉट काढून विश्वासातल्या माणसाकडे पाठवून ठेवा.

३. तोंडी तक्रार म्हणजे तक्रार नव्हे. दोन प्रती लिहा. एक कार्यालयात द्या आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक घ्या. पोच देत नसतील तर त्याच दिवशी ईमेल करा किंवा रजिस्टर पोस्टाने पाठवा.

४. मारहाण, धमकी किंवा लैंगिक छळ झाला असेल तर कॉलेजच्या चौकशीची वाट पाहू नका. गुन्हा कोणत्याही पोलीस ठाण्यात नोंदवता येतो. ठाण्यात दाद मिळाली नाही तर पोलीस अधीक्षकांना किंवा आयुक्तांना लेखी कळवा. जखम असेल तर सरकारी दवाखान्यात तपासणी करून कागद घ्या.

५. जातीय छळाच्या तक्रारीची प्रत समाजकल्याणच्या सहायक आयुक्तांना आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील दक्षता व नियंत्रण समितीला द्या.

६. "आपसात मिटवून घ्या" असं सांगून कोऱ्या किंवा न वाचलेल्या कागदावर सही मागितली तर देऊ नका.

शाळेतली लेकरं

बाबासाहेब साताऱ्याच्या शाळेत घरून नेलेल्या गोणपाटावर बसत आणि शिपायाने वरून ओतलं तरच त्यांना पाणी मिळे. आज गोणपाट गेलं आहे. पण स्वच्छतागृह साफ करायला नेमकी कुणाची मुलं पाठवली जातात, शिष्यवृत्तीची नावं भर वर्गात कशी वाचली जातात, मागच्या बाकावर कोण बसतं, हे पालकांनी विचारत राहिलं पाहिजे.

शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १७ ने शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ या दोन्हींवर बंदी घातली आहे. लैंगिक अत्याचाराची माहिती मिळूनही ती पोलिसांना न देणं हा पोक्सो कायद्याखाली गुन्हा आहे. संस्थेच्या प्रमुखाला त्यासाठी एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेतल्या घटनेनंतर लोक रेल्वे रुळांवर उतरले, त्यामागे अत्याचाराइतकाच तक्रार घेण्यात झालेल्या दिरंगाईचा संताप होता. तुमच्या शाळेत सखी सावित्री समिती आणि तक्रारपेटी आहे का, ती पेटी कधी उघडली जाते, हे विचारा. मुलांसाठीचा १०९८ हा क्रमांक घराच्या भिंतीवर लिहून ठेवा.

शासकीय, पालिका-जिल्हा परिषदेच्या आणि अनुदानित शाळांतल्या व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असतात आणि निम्म्या स्त्रिया असाव्या लागतात. वंचित घटकांना प्रमाणात प्रतिनिधित्व आहे. आपल्या आयाबहिणी या समितीवर गेल्या तर निम्मं काम तिथेच होईल.

आपल्या बाजूची हिंसा

आता एक कडू गोष्ट. मागासवर्गीयांच्या वसतिगृहांतही रॅगिंग होतं. तिथे जुनी मुलं आणि नवी मुलं दोन्ही आपलीच असतात. "आम्हीही सोसलं, यांनीही सोसावं," हे तर्कट ब्राह्मणी व्यवस्थेचंच आहे. वरच्याने खालच्याला दाबायचं आणि त्याने आणखी खालच्याला. निळा झेंडा खोलीत लावून ज्युनियरकडून कपडे धुऊन घेणाऱ्याने स्वतःला आंबेडकरवादी म्हणवू नये. मातंग, चर्मकार, आदिवासी, भटक्या समाजातल्या मुलांना आपल्या गटात परकं वाटत असेल, मुलींना आपल्या अभ्यासिकेत असुरक्षित वाटत असेल, तर दोष आपल्याकडे आहे.

दुसरी गोष्ट रागाची. अपमान झाल्यावर चार पोरं घेऊन जाऊन मारणं सोपं असतं. पण त्या एका रात्रीत तक्रारदाराचा आरोपी होतो. त्याच्यावर गुन्हा नोंदला जातो, मूळ छळ बाजूला पडतो आणि नोकरीच्या वेळी चारित्र्य पडताळणीत तेच आडवं येतं. व्यवस्थेला नेमकं हेच हवं असतं. अहिंसा ही आमच्यासाठी भित्रेपणाची सोय नाही. हात न उचलता कागद उचलायचा आणि तो शेवटपर्यंत सोडायचा नाही, याला जास्त धैर्य लागतं.

विहारांनी आणि संघटनांनी काय करावं?

सत्काराच्या दिवशीच मुलांना दोन तासांचा वर्ग द्यावा. हेल्पलाइन क्रमांक, तक्रारीचा नमुना अर्ज आणि त्या शहरातल्या दोन जबाबदार व्यक्तींचे फोन एका कागदावर छापून द्यावेत. त्या दोघांत एक स्त्री असावी. पहिले तीन महिने दर आठवड्याला कुणीतरी मुलाला फोन करावा. "अभ्यास कसा चाललाय" हे विचारण्याआधी "जेवतोस कुणाबरोबर?" हे विचारावं. एकटं पडलेलं पोर या प्रश्नावर गप्प होतं.

वर्षावासाच्या शेवटी भिक्खू पवारणा करतात. माझ्या वागण्यात काही चुकीचं पाहिलं, ऐकलं, शंका आली असेल तर सांगा, असं प्रत्येक जण संघाला म्हणतो. मोठ्यातला मोठा भिक्खूही म्हणतो. आपल्या हॉस्टेलांत आणि अभ्यासिकांत महिन्यातून एकदा अशी बैठक घेता येईल. तिथे ज्युनियरने आधी बोलावं आणि सीनियरने ऐकावं.

आणि एखादं पोर खचलं आहे असं वाटलं तर त्याला धीराची भाषणं देऊ नका. त्याच्याजवळ बसा, त्याला एकटं सोडू नका आणि डॉक्टरांपर्यंत न्या. टेली-मानसचा १४४१६ हा क्रमांक चोवीस तास मोफत आहे. मराठीतही बोलता येतं. मदत मागण्यात कमीपणा नाही. पोर हयात असेल तर लढा पुढेही लढता येईल. पदवी, केस, आंदोलन हे सगळं त्यानंतरचं.

बाबासाहेबांनी १९४६ साली मुंबईत सिद्धार्थ आणि १९५० साली औरंगाबादला मिलिंद महाविद्यालय उभं केलं, ते आपली लेकरं ताठ मानेने शिकावीत म्हणून. यंदा तुमच्या वस्तीतून जितकी मुलंमुली शिकायला बाहेर गेली असतील त्यांची आज यादी करा आणि या रविवारी वंदना झाल्यावर प्रत्येकाला एक फोन लावा.

जय भीम! नमो बुद्धाय!